नवस अक्काचा, पाय माझे

मी कुठला, हे लोक मला नाव विचारायच्या आधी विचारतात. नव्या संघात गेलो की पहिल्याच दिवशी कपडे बदलायच्या खोलीत कुणीतरी इंग्रजीत विचारतं, मग दुसरा हिंदीत. एकदा तर संघाच्या मॅनेजरनं जेवणाच्या वेळी मला हाताला धरून परदेशी खेळाडूंच्या टेबलावर नेऊन बसवलं. मी त्याला कन्नडमध्ये सांगितलं की अण्णा, माझं घर इथंच बेंगळुरूत, बनशंकरीला आहे, मला भात आणि सारू वाढायला सांगा. बिचारा दिवसभर माझ्याशी डोळ्याला डोळा भिडवत नव्हता.

त्याचीही चूक नाही. डोळे आणि गालफडं मी आईची घेतली आहेत, म्हणजे ऐजॉलची. रंग आणि आडनाव वडिलांचं, म्हणजे निपाणीजवळच्या एका गावाचं. जन्म, शाळा आणि शिव्या मात्र बेंगळुरूच्या. मिझोरामची पोरं मला आपला समजून भरभर मिझो बोलतात आणि मी अडखळलो की तोंड पाडतात. कोल्हापूरकडचा एक गोलकीपर होता, तो मी ‘काय लेका, झोपलास काय?’ म्हटल्यावर असा दचकला की पुढचा चेंडू त्याच्या पायातून गोलात गेला. असा माणूस ना इकडचा ना तिकडचा राहतो असं लोकांना वाटतं. माझा अनुभव उलटा आहे. माझ्यावर दोन्हीकडचे लोक हक्कानं रागावतात.

आमच्या घराची सुरुवात डोळ्यात गेलेल्या लोखंडाच्या किसानं झाली. अप्पा, म्हणजे माझे वडील, बेंगळुरूच्या पीण्या औद्योगिक वसाहतीत एका कारखान्यात लेथवर होते. कीस डोळ्यात गेला म्हणून त्यांना दवाखान्यात नेलं, तिथं नुकतीच कामाला लागलेली मिझो नर्स होती आणि तिनं तो काढला. अप्पा त्यानंतर तीन वेळा ‘अजून टोचतंय’ म्हणून गेले. तिसऱ्या वेळी तिनं सांगितलं की डोळ्यात काहीच नाही, आता खरं काय ते बोला. लग्न रजिस्टर पद्धतीनं झालं. त्या नर्सला मी ‘नू’ म्हणतो. मिझोत आईला तसं म्हणतात.

अप्पांची थोरली बहीण आम्हा सगळ्यांची अक्का. ती लग्नाला आली नाही. माझ्या जन्माच्या वेळी बाळंतपणाला म्हणून आली, तेव्हा तिचा नवरा जाऊन वर्ष झालं होतं, आणि ती राहिली ती राहिलीच. नूला मराठी तिनंच शिकवलं. त्यामुळे माझी मिझो आई शुद्ध निपाणीकडचं मराठी बोलते. आमच्याकडच्या बायका स्वतःबद्दल ‘मी आलो, मी गेलो’ असं म्हणतात. नूही तसंच म्हणते आणि पुण्याहून आलेले शेजारी तिला सुधारायला जातात. ती त्यांना सुधारू देत नाही.

दोघींचं जमायचं. डुकराचं मांस घरात शिजणार नाही हे अक्कानं सांगितलं आणि नूनं ऐकलं. रविवारी चर्चनंतर ती मैत्रिणीकडे जेवून यायची. नूची भाजी बेचव उकडलेली असते हे अक्का रोज सांगायची आणि रोज दोनदा घ्यायची. एक गोष्ट मात्र राहिली होती. आमच्याकडे खण-नारळानं ओटी भरून गावच्या अंबाबाईपुढे उभी केली की मग सून घरची होते. अक्कानं नूची ओटी कधी भरली नव्हती. आधी रागानं, मग ‘जाऊ कधीतरी गावाला’ म्हणत. त्या ‘कधीतरी’त माझं सगळं लहानपण गेलं. नूनं कधी विषय काढला नाही.

फुटबॉल नूकडून आला. तिचे भाऊ डोंगरउतारावरच्या सपाट तुकड्यांवर खेळून मोठे झालेले, आणि तीही. ड्यूटीवरून आली की गच्चीवर माझा उजवा पाय धरून ठेवायची आणि डाव्यानंच मार म्हणायची. अक्काचं मत वेगळं होतं. ‘चेंडूच्या मागं कुत्रं बी पळतंय, त्याला कोण पगार देतंय काय?’ पुढे मला खरोखरच पगार मिळायला लागला, तेव्हा तिनं कुत्र्याचा विषय बंद केला.

क्लबातल्या दुसऱ्या मोसमात माझ्या डाव्या गुडघ्यातलं लिगामेंट तुटलं. कुणी पाडलं नाही, मी एकटाच वळलो आणि गुडघा माझ्याबरोबर वळला नाही. शस्त्रक्रिया झाली. वर्ष गच्चीवर गेलं, रबराचे पट्टे ओढत आणि नूच्या हुकुमावर उठाबशा काढत. डॉक्टर म्हणाले, बरा झाला. गुडघा बरा झाला होता, मी नव्हतो. सरावात समोरचा चेंडू घेऊन अंगावर आला की माझा डावा पाय आपोआप मागे यायचा. मी लेफ्ट बॅक आहे, डावीकडचा बचावपटू. लेफ्ट बॅकनं पाय मागे घेतला तर तो नुसता प्रेक्षक, तोही फुकटचा. कोचनं हे पाहिलं होतं. माझा करार त्या मोसमापुरताच उरला होता आणि ठरलेल्या लेफ्ट बॅकवर एका सामन्याची बंदी आली, तेव्हा त्यानं मला बोलावून सांगितलं की हा सामना तू सुरुवातीपासून खेळणार आहेस. मला तो पाय बघायचाय, म्हणाला. पुढचं त्यानं सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही. इतकं इंग्रजी मला कळतं.

ही बातमी घेऊन मी घरी आलो तर अक्का चहा गाळत होती.

‘कवा हाय मॅच?’

‘खंडेनवमीला.’

तिनं गाळणी खाली ठेवली. ‘त्या दिवशी तुला पायात काय घालायचं न्हाई.’

मला वाटलं चेष्टा करते आहे. मग तिनं सांगितलं. माझं ऑपरेशन चालू होतं तेव्हा बाहेर बाकड्यावर बसून तिनं अंबाबाईला नवस बोलला होता: पोराचा पाय बरा होऊन तो पळायला लागला की नवरात्राचे नऊ दिवस तो अनवाणी चालेल. आमच्या भागात हे काही जगावेगळं नाही. नवरात्रात निपाणी-कोल्हापूरकडे गेलात तर दूधवाला, रिक्षावाला, बँकेतला कॅशियर, सगळे अनवाणी दिसतील. अक्का स्वतः वर्षानुवर्षं चालायची. पण तिला साखरेचा आजार झाला, टाचेला जखम झाली ती भरेना, आणि नूनं तिचं अनवाणी चालणं बंद केलं. घरातसुद्धा मऊ बूट घालायचे, रोज रात्री नू तिची टाच तपासणार. स्वतःचे पाय उरले नव्हते म्हणून तिनं माझे देऊन टाकले होते. फुटबॉल खेळणाऱ्या माणसाचे पाय, बिनबुटाचे, मोसमाच्या तोंडावर.

‘अक्का, बूट नसतील तर रेफ्री मला मैदानात घेणार नाही.’

‘मग पुढची मॅच खेळ.’

‘पुढची नसेल.’

तिनं गाळणी पुन्हा उचलली आणि रिकाम्या कपावर धरली. ओरडली असती तर मी भांडलो असतो. पण ती घाबरली होती. देवीनं दिलेला पाय देवी परत नेईल, हे तिच्या चेहऱ्यावर लिहिलेलं होतं. माझा नवसावर विश्वास नाही. पण गुडघा माझा होता.

संध्याकाळी अप्पांनी तोडगा काढला. त्यांचं आता पीण्यात स्वतःचं शेड आहे, दोन लेथ आणि एक भागीदार, आणि खंडेनवमीला तिथं आयुधपूजा असते. यंत्रांना झेंडूचे हार, दारात कोहळा फोडायचा, पान्ह्यापासून टेम्पोपर्यंत सगळ्यांना हळदकुंकू. अप्पा म्हणाले, ‘याचे बूट म्हणजे पायताण नव्हेच. माझा लेथ तसे याचे बूट. आयुध हाय ते.’

‘आयुध हाय तर आण आणि ठेव देव्हाऱ्यात,’ अक्का म्हणाली.

माझे बूट दारात होते, सरावाच्या चिखलासकट. अप्पांनी त्यांच्याकडे पाहिलं, देव्हाऱ्याकडे पाहिलं आणि वर्तमानपत्र उघडलं.

शेवटी अक्कानं गावच्या गुरवाला फोन लावला. देवीच्या कोर्टातला तोच आमचा वकील. फोन स्पीकरवर होता. गुरव बराच वेळ ‘हां हां’ करत राहिला आणि म्हणाला, लेकराचा नवस आईला फेडता येतोय की. फक्त बाई घरची पाहिजे, ओटी भरलेली.

नू भांडी पुसत होती. फडकं खांद्यावर टाकून ती बाहेर आली. ‘मग मी चालतो.’

‘तू?’ अक्का म्हणाली. ‘तुझी ओटी कुठं भरलीया?’

‘ते तुम्हाला ठाऊक, अक्का,’ नू म्हणाली आणि परत आत गेली.

तिच्या आवाजात राग नव्हता. मला वाटतं म्हणूनच ते अक्काला लागलं. त्यानंतर घरात बोलणं मिठापुरतं उरलं. अक्का घटासाठी धान्य निवडत बसायची आणि निवडलेलंच पुन्हा निवडायची. मी सरावाला जाऊन पाय मागे घेऊन यायचो.

मग एका सकाळी अक्का मला म्हणाली, ‘चल, चिकपेटला जाऊ.’ टाच दुखत असताना ती मेट्रोचे जिने चढली-उतरली, रिक्षा करू म्हटलं तर ऐकेना. चिकपेटातल्या गल्ल्यांत सणाआधी माणसाला माणूस चिकटून चालतो. तिच्या ओळखीचं कापडाचं दुकान एका जुन्या मराठी कुटुंबाचं. त्यांचं मराठी निम्मं कन्नडच असतं. ‘बन्नी अक्का, कूतकोळ्ळी,’ म्हणत मालकानं स्टूल पुढे केलं आणि खणांचा ढीग उलगडला. देवीचा खण तिनं लगेच घेतला, दरवर्षीचा हिरवा. मग ती उठेना. एक खण उचलायची, उजेडात धरायची, परत ठेवायची.

‘झालं की, अक्का,’ मी म्हणालो. ‘देवीला घेतलास.’

‘गप बस स्वल्प.’ मग माझ्याकडे न बघता तिनं विचारलं, ‘तुझ्या आईला जांभळा बरा दिसंल का लाल?’

नूला ओळखणाऱ्या मालकानंच सांगितलं की गोऱ्या अंगाला जांभळा. अक्का म्हणाली, ‘सरी,’ म्हणजे ठीक, आणि तो घडी करून पिशवीत टाकला.

घटस्थापनेच्या सकाळी अक्कानं गावाऐवजी घरच्याच घटापुढे पाट मांडला. नू अंघोळ करून सलवार-कमीज घालून आली. अक्का साडी नेस म्हणाली, नू म्हणाली की साडीत मला रस्त्यावर चालता येत नाही, आणि चालायचं तर मलाच आहे. शेवटी ओढणीवर तडजोड झाली. पाटावर बसताना नूनं एकच सांगितलं.

‘मी हात जोडणार न्हाई, अक्का. माझा देव वेगळा हाय.’

‘तुला जोडायला कोण सांगतंय? पदर तेवढा धर.’

नूनं ओढणी पुढे धरली. अक्कानं तांदूळ, नारळ, सुपारी आणि तो जांभळा खण तिच्या ओटीत घातला. तांदूळ थोडे खाली सांडले. कपाळाला कुंकू लावताना ती पुटपुटली, ‘लई उशीर केलो बग मी.’ नूनं सांडलेले तांदूळ वेचून ओटीत घेतले. माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं. अप्पांच्याही आलं असावं, कारण ते उगीचच घड्याळाला चावी देत होते, आणि ते घड्याळ बॅटरीवर चालतं.

नर्सला वॉर्डात अनवाणी फिरू देत नाहीत. म्हणून नूनं रजा टाकली होती. ती रजा तिनं ख्रिसमसला ऐजॉलला जायला साठवली होती, हे मला नंतर कळलं. तिला विचारलं तर म्हणाली, डोंगर कुठं पळून जात नाहीत.

नवस घेतला म्हणजे घरात बसायचं असं नाही, असं तिचं मत. ती भाजीला गेली, बँकेत गेली, बनशंकरीच्या बसस्टँडवरून बस पकडून मैत्रिणीकडे गेली. रविवारी चर्चला गेली, तीही अनवाणीच. तिथं कुणी विचारलं तर ‘मुलासाठी’ एवढंच म्हणाली. तिनं आपल्या देवाला काय सांगितलं ते मला माहीत नाही, पण त्या दोघांचं जुनं आहे. दुपारचं डांबर तापलेलं असायचं, फुटपाथ अर्धा उखडलेला. घरी आली की अक्का गरम पाण्याचं घमेलं तिच्यापुढे सरकवायची. मी सरावाला निघताना बुटांची नाडी बांधायचो तेव्हा मला लाज वाटायची. आणि बरंही वाटायचं. ज्याचा नवसावर विश्वास नाही त्याला नवस सुटल्यावर हायसं वाटायचं काही कारण नव्हतं, पण वाटलं.

पाय मात्र अजून मागे येत होता. मी नूला ते सांगितलं. ती घमेल्यात पाय सोडून बसली होती.

‘ते मला सांगू नकोस,’ ती म्हणाली. ‘चालायचं काम माझं, मी करतोय. पाय टाकायचं तुझं.’

खंडेनवमीला अप्पा सकाळी शेडवर कोहळा फोडून, कपाळभर गुलाल लावून आले. रस्त्यांवर सगळीकडे फुटलेले कोहळे, चाकांखाली चिरडलेली लिंबं, झेंडूचा चिखल. दरवर्षी या दिवशी बेंगळुरूत दुचाकीवाले घसरतात. त्यातून नू स्टेडियमपर्यंत आली, आणि तिच्या हाताला धरून अक्का, मऊ बूट घालून. अक्का माझ्या सामन्याला याआधी कधी आली नव्हती. अप्पा मागून शेंगदाण्यांची पुडी घेऊन.

पूर्वार्धात माझी बाजू घरची माणसं बसली होती त्या स्टँडपासून लांब, पलीकडच्या कडेला होती. समोरच्या संघाचा उजवीकडचा विंगर, कडेनं हल्ला करणारा, पोरगेलासा आणि भलताच चपळ होता. एकदा तो सरळ माझ्यावर आला आणि माझा पाय आला मागे. तो बाजूनं गेला, त्यानं मारलेला चेंडू खांबाला लागून बाहेर गेला म्हणून वाचलो. कोचनं वहीत काहीतरी लिहिलं. बोलला असता तर बरं झालं असतं.

मध्यंतरानंतर बाजू बदलल्या आणि मी आमच्या माणसांच्या स्टँडच्या कडेनं धावू लागलो. आमच्याकडे गर्दी फार नसते. खालच्या रांगेतलं बोलणं मैदानात ऐकू येतं. खेळ संपत आला होता, दोन्ही बाजूंना गोल नव्हता. तोच विंगर पुन्हा चेंडू घेऊन सुटला. आतला रस्ता मोकळा होता आणि त्याच्या-गोलाच्या मध्ये मी एकटा होतो. मी चेंडू अडवायला घसरत पुढे गेलो, चेंडू मिळाला, तो विंगरच्याच नडगीवर आपटून रेषेबाहेर गेला. विंगर माझ्यावर कोसळला, मग उठून शिव्या देत निघून गेला. थ्रो आमचा.

चेंडू घ्यायला मी रेषेबाहेर गेलो तर समोरच अक्का. पहिल्या रांगेत उभी, दोन्ही पाय अनवाणी, त्या गार सिमेंटवर. विंगर सुटलेला बघून तिनं बूट काढून टाकले होते. तिच्या पुढ्यात नू उकिडवी बसली होती, तळवे काळेकुट्ट झालेले, हातात अक्काचा बूट.

‘पोरगा पडलाय बग,’ अक्का म्हणत होती. ‘मला राहू दे असंच.’

‘उठलाय त्यो. नवस माझा हाय, अक्का. तुम्ही पाय द्या इकडं.’

‘अगं, पण—’

‘घरची हाय न्हवं मी? मग द्या पाय.’

अक्कानं पाय पुढे केला. नूनं आधी तिची टाच तळहातानं झाडली, खडा नाही ना पाहिलं, आणि बूट चढवला. दोघींपैकी एकीचंही माझ्याकडे लक्ष नव्हतं. मी चेंडू हातात घेऊन त्यांच्याकडे बघत उभा राहिलो, शेवटी रेफ्रीनं शिट्टी मारून मला घाई केली. थ्रो टाकला आणि माझ्या जागेकडे पळत सुटलो. निम्म्या वाटेत माझ्या लक्षात आलं की मघाशी मी डावाच पाय टाकला होता, आणि गुडघा शाबूत आहे का हे बघायचं विसरून गेलो होतो.